आपल्या सभेचा ठराव

महाराष्ट्र नगरपालिका अधिनियम, १९६५ मधलं ३०८ कलम मी कायदा न शिकताही पाठ म्हणू शकतो. नगरपालिकेचा एखादा ठराव बेकायदा आहे, लोकांना त्रास देणारा आहे किंवा त्यानं शांतता बिघडेल असं जिल्हाधिकाऱ्यांचं मत झालं, तर लेखी हुकूम काढून त्यांना त्या ठरावाची अंमलबजावणी थांबवता येते. माझे वडील सातारा जिल्ह्यातल्या कृष्णाकाठच्या एका लहान शहरात एका वकिलांकडे कारकून होते, आणि त्या वकिलांचं निम्मं आयुष्य या कलमाशी झगडण्यात गेलं. त्यांच्या घरच्यांना नाव छापून यायला नको आहे, म्हणून गावाचंही नाव लिहीत नाही. गावात वकील पुष्कळ होते. पण नुसतं 'वकीलसाहेब' म्हटलं की ते एकटेच.

साहेब मूळचे माणदेशातले. तिकडे पाऊस नाही, म्हणून शिकायचं. सातारला रयत शिक्षण संस्थेच्या वसतिगृहात राहिले, छत्रपती शिवाजी कॉलेजात 'कमवा आणि शिका'मध्ये शेतावर राबून बी.ए. झाले, मग पुण्याला लॉ कॉलेज. आमच्या गावात आले ते एका जुन्या वकिलांचे ज्युनियर म्हणून. बाजू दिवाणी. वाटपाचे दावे, बांधाची भांडणं, कूळकायद्याची प्रकरणं. दिवसभर तालुक्याचं कोर्ट, अधूनमधून सातारच्या तारखा. पैसा बेताचाच. घर काकूंच्या शाळेच्या पगारावर चालायचं. काकूंनी ते कधी बोलून दाखवलं नाही, पण आम्हा सगळ्यांना ते ठाऊक होतं.

नगरपालिकेशी त्यांचा संबंध आला तो एका पडक्या भिंतीमुळे. एका म्हाताऱ्या विधवेच्या घराला लागून पालिकेचं गटार होतं. ते तुंबायचं, पाणी पायात मुरायचं, आणि एका पावसाळ्यात भिंत कोसळली. साहेबांनी पालिकेवर नुकसानभरपाईचा दावा लावला आणि तो जिंकले. वसुलीसाठी गेले तेव्हा त्यांना सांगण्यात आलं की रक्कम सभेपुढे ठेवावी लागेल. म्हणून ते सभेला जाऊन बसले. विषयपत्रिकेवर तीसेक विषय. एकजण विषयाचा नंबर वाचायचा, बाकीचे 'मंजूर, मंजूर' म्हणायचे, आणि चहा यायच्या आत सभा संपली. आपल्या अशिलाची भरपाईही त्यात मंजूर झाली होती. कशावर किती खर्च होणार हे मात्र बसलेल्यांपैकी चौघांनाही सांगता आलं नसतं. साहेब वडिलांना म्हणाले होते, "अण्णा, मी दावा भलत्याच ठिकाणी लावला. गटार इथं तुंबलंय."

तेव्हापासून ते सभा चुकवेनात. आधी नागरिक म्हणून मागच्या बाकावर, मग निवडून येऊन पुढे, आणि एकदा निवडणुकीत पडल्यावर पुन्हा मागच्या बाकावर. बाक बदलला तरी त्यांचं काम बदललं नाही. विषयपत्रिका वेळेवर मिळाली का, मागच्या सभेचं प्रोसिडिंग जसं घडलं तसंच लिहिलंय का, सूचक कोण, अनुमोदक कोण, विरोधाची नोंद आहे का, हे ते बघत. लोकांना हे किरकिरं वाटायचं. नगराध्यक्षांना तर फारच.

त्यांच्या बैठकीत संध्याकाळी बसलं की इतिहास निघायचा. सातारचं राज्य १८४८ साली इंग्रजांनी खालसा केलं. त्यानंतर दोन वर्षांनी नगरपालिकांचा १८५० चा कायदा आला आणि १८५३ मध्ये सातारला नगरपालिका झाली. साहेबांना या तारखा एकापुढे एक ठेवायला आवडायचं. छत्रपतींची गादी गेल्यावर पाच वर्षांत गावाला दिवाबत्ती आणि झाडलोटीचा अधिकार मिळाला. सौदा अगदीच विषम. पण त्या कायद्यातली एक गोष्ट ते आवर्जून सांगत : तो कायदा कुठल्याही गावावर आपोआप लागू होत नव्हता. गावकऱ्यांनी अर्ज करायचा, आम्हाला नगरपालिका हवी म्हणून. मग १८८२ मध्ये लॉर्ड रिपनचा ठराव आला. कारभार सुधारावा हा आपला पहिला हेतू नाही, लोकांचं राजकीय शिक्षण व्हावं हा आहे, असं एका व्हाइसरॉयनं सरकारी कागदावर लिहून ठेवलं, याचं साहेबांना शेवटपर्यंत अप्रूप होतं. "कारभार कलेक्टर आपल्यापेक्षा चांगला करेल," ते म्हणायचे, "करू दे की. पण मग आपण शिकणार कधी?"

वकिलांनी नगरपालिकेत यायचं ही आपल्याकडची जुनी रीत. मुंबईत फिरोजशहा मेहता, अहमदाबादेत वल्लभभाई, सेलमला राजाजी. सगळे कोर्टातून पालिकेत आणि तिथून पुढे देशाच्या राजकारणात गेले. साहेबांचा मुद्दा असा की पुढं गेलेल्यांची नावं राहतात, जे तिथंच थांबले त्यांची कुणी आठवण ठेवत नाही. शेजारच्या कराडात वकिली करणारे यशवंतराव चव्हाण मुख्यमंत्री झाले, त्यांच्या कारकिर्दीत १९६१ चा कायदा झाला आणि १ मे १९६२ पासून राज्यात जिल्हा परिषदा सुरू झाल्या. त्याबद्दल साहेबांना यशवंतरावांविषयी अतोनात आदर होता. तक्रारही होती. खेड्यांच्या वाट्याला जितका विचार आणि जितका पैसा आला, तितका लहान शहरांच्या वाट्याला आला नाही. ना धड गाव, ना धड शहर, अशा वीस-तीस हजार वस्तीच्या ठिकाणांचं काय करायचं हे मुंबईत कुणी बसून ठरवलंच नाही, असं त्यांना वाटे. मला ही तक्रार रास्त वाटते. आजही आमच्या गावात मोठा दवाखाना नाही म्हणून माणूस सातारला पळतो आणि सातबाऱ्यासाठी तलाठी शोधतो. दोन्हीकडचे हाल त्याच्याच नशिबी.

आता ज्या एका प्रकरणासाठी मी हे लिहायला बसलो, ते सांगतो.

ऐंशीच्या दशकात आमचा आठवडा बाजार पेठेतच भरायचा. देवळाच्या चौकापासून जुन्या एस.टी. स्टँडपर्यंत दोन्ही अंगांना माळव्याच्या पाट्या. नगरपालिकेनं ठराव केला की बाजार ओढ्यापलीकडच्या मैदानात हलवायचा. साहेब तेव्हा नगरसेवक होते. त्यांनी सभेत कडाडून विरोध केला. मैदानात पाणी नाही, सावली नाही. खेड्यावरून डोक्यावर पाटी घेऊन येणाऱ्या बाईला पेठेतलं गिऱ्हाईक तिथं मिळणार नाही. मतं घेतली गेली. साहेबांची बाजू पडली. त्यांनी आपला विरोध नावानिशी प्रोसिडिंगात लिहून घेतला.

महिनाभरात काही मंडळी वर जाऊन आली आणि ३०८ खाली ठरावाला स्थगिती मिळाली. गावात आनंद झाला. माळवं विकणाऱ्या बायका पेढे घेऊन ऑफिसात आल्या. त्यांना वाटलं, हे साहेबांनीच केलं. साहेबांनी पेढा घेतला, सगळ्यांना चहा पाजला, स्थगितीत आपला हात नाही हे स्पष्ट सांगितलं. त्या गेल्यावर वडिलांना म्हणाले, "अण्णा, कागद लावा मशीनला. नगरपालिकेतर्फे म्हणणं द्यायचंय."

वडिलांना वाटलं आपल्या ऐकण्यात चूक झाली. "ठरावाच्या बाजूनं, साहेब?"

"सभेच्या बाजूनं."

त्या म्हणण्याची कार्बन प्रत माझ्याकडे आहे. फुलस्केपची पाच पानं, वडिलांच्या मशीनवरचा 'र' जरा वर उडालेला, समासात साहेबांच्या हिरव्या शाईच्या दुरुस्त्या. दुसऱ्याच परिच्छेदात लिहिलंय की हे म्हणणं तयार करणाऱ्याचा सदर ठरावास सभेत विरोध होता व आजही आहे. पुढे म्हटलंय : ठराव चुकीचा असणे आणि ठराव बेकायदेशीर असणे या भिन्न गोष्टी आहेत, चुकीचा ठराव दुरुस्त करण्याचा अधिकार ज्या सभेने तो केला तिचा, व ती सभा निवडणाऱ्या नागरिकांचा आहे. 'नागरिकांचा' या शब्दाखाली हिरवी रेघ आहे. या कामाची फी त्यांनी घेतली नाही. पालिकेनंही ती विचारली नाही.

गाव त्यांच्यावर उलटलं. ज्यांनी पेढे आणले होते त्यांनीच दारात येऊन शिव्या दिल्या. काकूंना नेहमीच्या बाईनं भाजी द्यायचं बंद केलं, तेव्हा त्या निमूटपणे दुसऱ्या आळीला जाऊ लागल्या. साहेबांशी त्या बरेच दिवस कामापुरतं बोलत होत्या, हे मला वडिलांकडून कळलं. म्हणणं मान्य झालं, स्थगिती उठली आणि बाजार खरोखरच मैदानात गेला. साहेब म्हणाले होते तसंच झालं. ऊन, धूळ, गिऱ्हाईक नाही. कायद्यातली मुदत उलटल्यावर त्यांनी फेरविचाराचा ठराव मांडला. त्या दिवशी त्यांनी बायकांना सभागृहात येऊन बसायला सांगितलं होतं. त्या आल्या, पाट्या बाहेरच्या पायऱ्यांवर लावून. नगरसेवकांना त्यांच्या तोंडाकडे बघून हात वर करावे लागले. बाजार पेठेत परत आला, तो आजही तिथंच भरतो.

साहेब हा आपला सर्वांत मोठा विजय मानायचे. मी पुष्कळ वर्षं तसंच मानलं. आता वाटतं, तत्त्व साहेबांचं होतं, पण किंमत त्या बायकांनी मोजली. मैदानातले ते महिने साहेबांच्या घरात चूल पेटत होती. त्यांच्यापैकी काहींच्या घरी ती धड पेटत नव्हती. तरीही विचार करतो तेव्हा मी साहेबांच्याच बाजूला जाऊन उभा राहतो. वरच्या हुकुमानं वाचलेला बाजार पुढच्या हुकुमानं गेला असता. आणि सभागृहात जाऊन बसायचं असतं, आपल्या तोंडाकडे बघून मत द्यायला लावायचं असतं, हे त्या बायकांना कळलं नसतं. पण हे मी आज पंख्याखाली बसून लिहितोय, याचीही जाणीव ठेवायला हवी.

साहेबांच्या या श्रद्धेला खरा धक्का दिला तो त्यांच्याच शेजारी बसणाऱ्या एका नगरसेवकानं. हे गृहस्थ गावाच्या खालच्या अंगाच्या दलित वस्तीतून निवडून आले होते, व्यवसायानं प्राथमिक शिक्षक. एका सभेनंतर साहेबांच्या बैठकीत ते म्हणाले, "वकीलसाहेब, सभेचा मान राखायचा म्हणता. आमच्या वस्तीच्या नळाचा विषय दर सभेला पुढं ढकलला जातो, तोही सभेच्या मानानंच. बहुमत तुमचं, तहकुबी आमच्या वाट्याला." बैठकीत शांतता पसरली. मग त्यांनी महाडची आठवण करून दिली.

महाड हेही एक लहान शहरच. सार्वजनिक पाणवठे अस्पृश्यांना खुले करावेत असा बोले यांचा ठराव १९२३ मध्ये मुंबईच्या कायदेमंडळात संमत झाला. पुढच्याच वर्षी सुरेंद्रनाथ टिपणीस यांच्यासारखे पुढारी असलेल्या महाडच्या नगरपालिकेनं चवदार तळं खुलं केल्याचा ठराव केला. कायद्यानं, बहुमतानं, सगळं रीतसर. पण तळ्यावर कुणाला जाता येईना. २० मार्च १९२७ ला बाबासाहेब आंबेडकरांनी लोकांना घेऊन जाऊन ते पाणी प्यायलं, तेव्हा कुठं त्या ठरावाला अर्थ आला. आणि त्याच वर्षी ऑगस्टमध्ये त्याच नगरपालिकेनं आपला ठराव मागे घेतला. तोही रीतसर. पुढं दहा वर्षं कोर्टकज्जा झाला आणि १९३७ मध्ये मुंबई उच्च न्यायालयात अस्पृश्यांच्या बाजूनं निकाल लागला. "सभेनं दिलं, सभेनं काढून घेतलं," गुरुजी म्हणाले, "मग दाद कुठं मागायची? वरच ना?"

ज्या बाबासाहेबांचं नाव ७ नोव्हेंबर १९०० ला सातारच्या शाळेत दाखल झालं, त्यांनी गावपंचायतींवर कधी आंधळा विश्वास ठेवला नाही, हे साहेबांनी वाचलेलं होतं. वाचलेलं असणं वेगळं आणि आपल्या बैठकीत कुणी तोंडावर म्हणणं वेगळं. गुरुजी निघून गेल्यावर साहेबांनी कुणाशीच बोलणं केलं नाही. दुसऱ्या दिवशी सकाळी ते वस्तीत गेले आणि पाइपलाइन कुठं येऊन थांबते ते स्वतः पाहून आले. नळाचा विषय पुढच्या सभेत पहिल्या नंबरवर आला, सूचक गुरुजी, अनुमोदक साहेब. त्यानंतर ३०८ विषयी बोलताना त्यांची भाषा जरा बदलली. आधी ते म्हणायचे, हे कलम रद्द करा. नंतर म्हणू लागले, ज्यांना सभेत जागाच नाही त्यांच्यासाठी वरचा दरवाजा राहू द्या, आणि तोवर सभेत त्यांना जागा करा. माझ्या लेखी साहेबांची उंची बाजाराच्या प्रकरणापेक्षा इथं जास्त दिसते.

नगरपालिकांना घटनेत जागा देणारी ७४ वी घटनादुरुस्ती १ जून १९९३ पासून लागू झाली, तेव्हा साहेबांनी तिचा मराठी मसुदा स्वतः करून सायक्लोस्टाइल करून वाटला होता. पालिकांकडे सोपवायच्या कामांच्या बाराव्या अनुसूचीतले अठरा विषय त्यांना तोंडपाठ. दर पाच वर्षांनी निवडणूक झालीच पाहिजे, मुदत संपायच्या आत, हे आता घटनेतच आलं म्हणून ते हरखून गेले होते. आणि महिलांसाठी राखीव जागा. एक तृतीयांश तेव्हा, आपल्या राज्यात २०११ पासून निम्म्या. बायका निवडून येत आणि नवरे सभेच्या दारात उभे राहून खुणा करत. साहेबांनी दर शनिवारी दुपारी आपल्या ओट्यावर नगरसेविकांना बोलवायला सुरुवात केली. नवऱ्यांना प्रवेश नव्हता. त्यांच्यासाठी समोर चहाची टपरी होती. बाजाराच्या वेळी ज्यांनी शिव्या दिल्या होत्या त्यांच्यापैकीच एकीची सून त्यात होती, सातवी शिकलेली. ती अंदाजपत्रक घेऊन बसली आणि म्हणाली, "साहेब, मला यातलं काय बी कळत नाही." साहेब म्हणाले, "ताई, घरात दिवाळीला किती पैसे लागतात ते कळतं ना? मग जमेची बाजू वाचा आधी." पुढच्या सर्वसाधारण सभेत तिनं उठून विचारलं की रस्त्याच्या दिव्यांच्या बल्बांचा खर्च गेल्या वर्षीच्या दुप्पट कसा झाला. उत्तर द्यायला सभा अर्धा तास थांबली.

जकातीबद्दल थोडं. १९९९ मध्ये नगरपालिकांची जकात बंद झाली आणि तिच्याऐवजी सरकारकडून अनुदान सुरू झालं. नाक्यावरची अडवणूक, चिरीमिरी, रात्रभर उभे राहणारे ट्रक, हे सगळं मी पाहिलेलं आहे. ती गेली ते बरंच झालं. साहेबांचं दुःख वेगळं होतं. नाक्यावर रोज जमणारा पैसा गावाचा स्वतःचा होता. तो गेल्यावर पगारासाठीही मुंबईकडे तोंड करून बसायची पाळी आली. पालिकेनं घरपट्टी नीट लावावी, नीट वसूल करावी, आणि वसूल केलेल्या पैशाचा हिशेब चौकात लावावा, असं ते तेव्हापासून सांगत राहिले. घरपट्टी वाढवा म्हणणारा माणूस निवडणूक जिंकत नाही. ते पडले त्याचं ते एक कारण होतं.

साहेबांचा स्वभाव सोपा नव्हता. कागदाशिवाय बोलणाऱ्यावर त्यांचा विश्वास नसे, आणि अडाणी माणसाकडे कागद नसतो हे ते कधीकधी विसरायचे. एका जुन्या मित्रानं सभेत खोटी नोंद केली म्हणून त्याच्याशी ते मरेपर्यंत बोलले नाहीत. त्यांच्या मुलानं वकिली घेतली नाही. बापानं घराच्या वाटणीचा वेळ पालिकेला दिलेला त्यानं पाहिला होता, असं तो मला एकदा म्हणाला. त्याचं म्हणणं मला खोडता आलं नाही.

२०२१ च्या डिसेंबरात आमच्या पालिकेची मुदत संपली. ओबीसी आरक्षणाचा खटला, मग प्रभागरचनेचे बदल, मग पुन्हा तारखा. प्रशासक आले. राज्यात बऱ्याच ठिकाणी मुख्याधिकारीच प्रशासक झाले. म्हणजे मुख्याधिकारी म्हणून टिपणी ठेवायची आणि प्रशासक म्हणून आपणच ती मंजूर करायची. मधल्या काळात नगराध्यक्ष थेट निवडायचा की नगरसेवकांमधून, हा नियमही सरकार बदलेल तसा बदलत राहिला : २०१६ मध्ये थेट, २०२० मध्ये ते रद्द, २०२२ मध्ये पुन्हा थेट. साहेब तेव्हा अंथरुणाला खिळले होते. पाच वर्षांच्या आत निवडणूक घेणं बंधनकारक आहे असं सर्वोच्च न्यायालयानं २००६ मध्ये किशनसिंग तोमर खटल्यात सांगितलेलं आहे, तो निकाल त्यांनी उशाशी ठेवला होता आणि भेटायला येणाऱ्या प्रत्येकाला वाचून दाखवायला लावायचे. एकानं त्यांना समजावलं की साहेब, प्रशासकाच्या काळात कामं झटपट होतात, रस्ते बघा किती गुळगुळीत झालेत. साहेबांचा आवाज तेव्हा फार खोल गेला होता. ते म्हणाले, "रस्ता कुठला करायचा हे तुला कुणी विचारलं का?" निवडणूक बघायला ते राहिले नाहीत.

अखेर सर्वोच्च न्यायालयाच्या आदेशानंतर २ डिसेंबर २०२५ ला राज्यातल्या बहुतेक नगरपालिकांचं मतदान झालं आणि २१ तारखेला निकाल लागले. आमच्याकडे निम्म्याहून अधिक चेहरे नवे आहेत. त्यांच्यातल्या कित्येकांनी मतदार म्हणूनही कधी सभा पाहिलेली नाही, कारण ते कळत्या वयाचे झाले तेव्हा सभाच होत नव्हत्या. गावातल्या दोन तरुण वकिलांनी आणि मी मिळून साहेबांची बैठक पुन्हा सुरू केली आहे, शनिवारऐवजी रविवारी, साहेबांच्या मुलानं दिलेल्या ओट्यावरच. त्यानं सतरंजीही धुऊन ठेवली होती.

पहिल्या रविवारी सातजण आले. एका नव्या नगरसेविकेनं, बी.कॉम. झालेली, मोबाइलचं दुकान चालवणारी मुलगी, पहिलाच प्रश्न विचारला की प्रशासकांच्या काळात जे ठराव झाले ते आता आमच्या सभेला बदलता येतात का. दोन वकिलांची दोन मतं पडली. एकाचं म्हणणं, प्रशासकाला सभेचेच अधिकार होते, म्हणून तो ठराव सभेचाच धरायचा आणि सभेच्या नियमांनी बदलायचा. दुसऱ्याचं म्हणणं, ज्यातून कंत्राटं दिली गेली, पैसे गेले, ते इतकं सरळ नाही. वाद रात्री जेवणाच्या वेळेपर्यंत चालला. शेवटी असं ठरलं की आधी ते ठराव तरी वाचू. तिनं सोमवारी पालिकेत नकलांसाठी अर्ज दिला आहे. पाणीपट्टीच्या वाढीचा ठराव आधी घ्यायचा आणि गुरुजींच्या त्या वस्तीतल्या चारदोन बायकांनाही बसायला बोलवायचं.